पेटी, मोहरा आणि मसावि

आमच्याकडे महिन्यातल्या एका रविवारी जेवणाच्या टेबलावर खेळ बसतो. सामान थोडंच: फासे, पेन्सिली, कागद आणि तोंडी रचत न्यायची गोष्ट. बाकीचे एकेक पात्र घेतात, मी सूत्रधार. पात्रं काय करतात ते त्यांनी सांगायचं, त्याचं पुढे काय होतं ते मी. या गोष्टीतल्या जगात 'रेखाविद्या' नावाची जादू आहे. जमिनीवर नेमकी आकृती काढली की ती वस्तू खरोखर समोर येते. विद्या माझी, नियम माझे. पाचव्या बैठकीत ती पहिल्याच वस्तूपाशी अडली आणि सातव्या बैठकीत तिनं अख्खी बाजारपेठ बुडवायची वेळ आणली. दोष दोन्ही वेळा एकाच ठिकाणी होता. मला तो दुसऱ्यांदा दिसला.

कल्पना चैत्रांगणातून आली. चैत्र शुद्ध तृतीयेपासून अक्षय्य तृतीयेपर्यंत आई देवघरासमोर चैत्रांगण काढायची. त्यात नक्षी कमी आणि वस्तू जास्त. गौरीचा पाळणा, शंख, चक्र, गदा, पद्म, तुळशीवृंदावन, कासव, नाग, सूर्य, चंद्र, गोपद्मं, फणी-करंडा. माहेरी आलेल्या गौरीला जे जे लागेल ते चिमूटभर रांगोळीतून उभं करायचं. लहानपणी मला वाटायचं, घर झोपलं की गौर उठते आणि त्यातलीच फणी उचलून केस विंचरते. मोठेपणी तेवढं एक वाटणं उचललं आणि त्याला नियम जोडले.

पहिला नियम एका रेघेचा: बोट उचलायचं नाही, काढलेली रेघ पुन्हा गिरवायची नाही, आणि जिथून सुरुवात केली तिथेच येऊन मिटायचं. दुसरा वजनाचा: आकृतीत जितके ठिपके, वस्तू तितके शेर. तिसरा नियम असा की आकृती पुसली, की वस्तू गेली. शिवाय एका जादूगाराला दिवसाला एकच आकृती. आणि टेबलावरचा दंडक म्हणजे, या जादूसाठी फासा टाकायचा नाही. खेळणाऱ्यानं ती आकृती कागदावर खरंच काढून दाखवायची, वाळूच्या घड्याळातली वाळू संपायच्या आत. माझा सगळ्यात लाडका भाग हाच होता, कारण यात हात चालतो आणि बाकीचे श्वास रोखून बघतात.

नियमांच्या कागदावर तळाशी नमुना म्हणून एक वस्तू दिली होती: पेटी. आठ कोपऱ्यांना आठ ठिपके, म्हणून आठ शेर. चित्र संगणकावरून डकवलेलं. स्वतःच्या हातानं ती पेटी मी एकदाही काढलेली नव्हती.

पाचव्या बैठकीत पात्रं एका पुरानं फुगलेल्या ओढ्याच्या काठी उभी होती. त्यांच्याजवळ गवतात गुंडाळलेलं एक जुनं दानपत्र, भूर्जपत्रावरचं. भिजलं की संपलं. माझा भाचा दहावीत आहे आणि खेळात तो जादूगार. तो म्हणाला, "मामा, पेटी. कागदावर आहेच की." वाळूचं घड्याळ उलटं केलं.

पहिल्या वेळी त्याचा पुढचा चौकोन झाला, मागचा झाला, आणि दोघांना जोडणाऱ्या चारपैकी तीन काड्या राहून गेल्या. दुसऱ्या वेळीही तीन राहिल्या आणि वर बोटही अडकलं. तिसऱ्या वेळी मी घड्याळ आडवं ठेवलं, वेळ थांबवली आणि म्हटलं, निवांत काढ. सूत्रधारानं असं करायचं नसतं, पण पहिलीच जादू फसते आहे म्हटल्यावर मलाच घाम फुटला होता. मग मी पेन्सिल घेतली. मलाही येईना.

माझी मामी तेव्हा आत पोहे परतत होती. ती खेळात नव्हती. मामीचं माहेर तंजावरच्या मराठी घराण्यातलं, व्यंकोजीराजांच्या काळापासून तिकडे असलेल्यांपैकी. घरात मराठी आणि उंबऱ्यावर कोलम, म्हणजे तमिळ रांगोळी, अशी ती वाढली. लग्न होऊन पुण्यात आली त्याला चाळीस वर्षं झाली, तरी सकाळचा कोलम सुटलेला नाही. बशा घेऊन आली, कागदाकडे बघितलं आणि म्हणाली, "ती एका रेघेत यायचीच नाही. प्रत्येक कोपऱ्याला तीन काड्या आहेत."

तिनं पुढे काही समजावलं नाही. समजावण्यासारखं तिला त्यात काही वाटलंच नाही. नंतर ते मी माझ्यासाठी मांडलं ते असं. रेघ एखाद्या कोपऱ्यातून जाते तेव्हा एका काडीनं आत येते आणि दुसरीनं बाहेर पडते. म्हणजे प्रत्येक फेरीला दोन काड्या खर्ची पडतात. रेघ निघाली तिथेच परत येणार असेल, तर प्रत्येक कोपऱ्यावर सम काड्या हव्यात. तीन असल्या तर एकीनं आत येतो, दुसरीनं बाहेर, तिसरीनं पुन्हा आत आणि तिथेच अडकतो. पेटीला आठ कोपरे, आठांवर तीन-तीन काड्या. लिओनार्ड ऑयलरनं १७३६ साली कोनिग्सबर्ग शहरातल्या सात पुलांबद्दल हेच दाखवलं होतं: सातही पूल एकेकदाच ओलांडून फिरता येत नाही, कारण जमिनीच्या चारही तुकड्यांना लागलेल्या पुलांची संख्या विषम आहे. हे मी कॉलेजात शिकलो होतो, परीक्षेत लिहिलंही होतं.

म्हणजे माझ्या विद्येच्या पहिल्या नियमानं माझ्याच नमुन्याच्या वस्तूला बंदी घातली होती. आणि एकट्या पेटीलाच नव्हे. टेबलावर फाशांचा संच पडलेला होता, तोच तपासायला घेतला. चार बाजूंचा फासा: कोपऱ्याला तीन काड्या, बाद. सहा बाजूंचा म्हणजे पेटीच. बारा बाजूंचा: तीन, बाद. वीस बाजूंचा: कोपऱ्याला पाच, बाद. दहा बाजूंच्याला दोन टोकांशी पाच-पाच आणि बाकी ठिकाणी तीन, तोही बाद. उरला आठ बाजूंचा. दोन पिरॅमिड बुडाशी चिकटवल्यासारखा तो आकार. सहा कोपरे, प्रत्येकाला चार काड्या. तो एका रेघेत येतो, सुरुवातीला परत येऊन मिटतोही. म्हणजे माझ्या जगातला सर्वश्रेष्ठ जादूगार संचातला नेमका एक फासा निर्माण करू शकत होता.

भाच्यानं पळवाट शोधली. "मागच्या न दिसणाऱ्या काड्या काढल्याच नाहीत तर? चित्रात पेटी तशीच दिसते." तपासलं. समोरून दिसणारे तीनच पृष्ठभाग काढले तर सात कोपरे उरतात, त्यांतले चार विषम. तरीही एका रेघेत नाही. शिवाय मी निवाडा दिला की मागची बाजू काढली नाहीस, तर पेटीला मागची बाजू नसेल. हा निवाडा सगळ्यांना फार आवडला. आजही कुणाची योजना अर्धवट असली की आमच्यात 'पेटीला मागची बाजू आहे ना?' असं विचारतात.

दुरुस्ती त्याच दिवशी हवी होती, कारण दानपत्र ओढ्याकाठी होतं. विषम कोपरे किती आहेत ते मोजून निम्मे करायचे. किमान तितक्या रेघांत आकृती पुरी होते. पेटीचे आठ, म्हणून चार रेघा. तेव्हा नियम बदलला: एका जादूगाराची एक रेघ, पण अनेक जादूगार मिळून एक आकृती काढू शकतात, सगळ्यांनी एकाच वेळी. पेटीला चार हात हवेत. आमच्याकडे जादूगार दोनच. दोन रेघांत काय येतं? चार बाजूंचा फासा: कोपरे चार, सगळे विषम, निम्मे दोन. मग दोघांनी मिळून समोशाच्या आकाराचा डबा काढला, दानपत्राची सुरळी तिरकी बसवली आणि ओढा ओलांडला. ती बैठक आजवरची सगळ्यात रंगलेली.

इथे मी थांबायला हवं होतं. पण ठिगळ लावल्यासारखं वाटत होतं, आणि मामीचा कोलम डोक्यात बसला होता.

आपल्या ठिपक्यांच्या रांगोळीत रेघ ठिपक्याला जोडते. मामीच्या सिक्कु कोलममध्ये ती ठिपक्याला शिवत नाही, वळसा घालून पुढे जाते. दोन ठिपक्यांच्या मधल्या जागी रेघा एकमेकींवरून जातात. म्हणजे जिथे जिथे गाठ आहे तिथे चारच फाटे. विषम कोपरा नाहीच, मोकळं टोकही नाही. ऑयलरचा अडसर मुळातूनच निघून गेला. मद्रास ख्रिश्चन कॉलेजातले गिफ्ट सिरोमनी आणि त्यांचे सहकारी १९७४ साली या कोलमांचं व्याकरण मांडत होते, आकृती कोणत्या नियमांनी वाढते याचं. मला तेवढ्या खोलात जायचं नव्हतं. मी फक्त विद्या बदलली. सहाव्या बैठकीत जाहीर केलं: यापुढे वळशाची रेघ. गाठीवर सरळ पुढे जायचं, वळायचं नाही. वस्तू कोणती ते मनात धरायचं, आकृती जितकी मोठी तितकी वस्तू जड. आणि प्रत्येक मिटलेली रेघ म्हणजे एक वस्तू. हे शेवटचं वाक्य मी अगदी सहज लिहून गेलो.

सातव्या बैठकीला भाचा घरून आलेखाचा कागद घेऊन आला. त्यावर बारा बाय बारा ठिपके आणि बारा रंगांची स्केचपेनं वापरून काढलेला कोलम. प्रत्येक मिटलेल्या रेघेला वेगळा रंग.

"मामा, सहावीत मसावि शिकवतात ना? तेच आहे." त्यानं दोन बाय तीन काढून दाखवलं: एकच रेघ. दोन बाय दोन: दोन रेघा. तीन बाय चार: एक. चार बाय सहा: दोन. ठिपक्यांच्या आयतात उभ्या-आडव्या संख्यांचा जो मसावि, म्हणजे दोन्हींना पूर्ण भाग घालणारी सगळ्यात मोठी संख्या, तितक्या मिटलेल्या रेघा. हे त्यानं काढून-काढून शोधलं होतं आणि ते बरोबर आहे. अंगोलातले चोक्वे लोक वाळूत ठिपके मांडून त्यांच्याभोवती अशाच रेघा ओढतात, आणि मोझांबिकमधले गणिती पाउलस गेर्डेस यांनी त्या आकृत्यांत हाच मसावि दाखवून दिला आहे. पण भाच्याला ते ठाऊक नव्हतं. त्याला सोनं हवं होतं.

बारा बाय बारा म्हणजे १४४ ठिपके, बारा रेघा. नियमानुसार दिवसाला आकृती एकच, पण वस्तू बारा. ठिपका म्हणजे शेर, म्हणून एकूण १४४ शेर. "बारा मोहरा. सोन्याच्या. प्रत्येकी बारा शेर." शेर ऐंशी तोळ्यांचा धरला तर एकेक मोहर ९६० तोळ्यांची, उचलायलाच दोन हात लागतील अशी. उद्या पुन्हा बारा. आमच्या गोष्टीत गावच्या शिपायाला महिन्याला एक साधी मोहर मिळत होती.

मी जे केलं ते प्रत्येक सूत्रधार करतो आणि ते चूकच असतं: बंदी घातली. चौरस आकृती चालणार नाही म्हटलं. त्यानं बारा बाय चोवीस मांडलं. मसावि बाराच, आणि ठिपके दुप्पट. मग म्हटलं, मसावि एकच हवा. यावर मामी स्वयंपाकघरातून बाहेर आली. तिच्या दारातला रोजचा कोलम चार बाय चार असतो, चार रेघांचा. "म्हणजे माझा कोलम तुमच्या राज्यात गुन्हा?" ती हसत होती, पण प्रश्न खरा होता. ज्या आकृतीवरून विद्या उचलली तीच विद्येत बसेना. बंदी मागे घेतली.

दुसरं ठिगळ: पैसा जादूनं निर्माण करता येत नाही, एवढंच. त्यावर भाच्याचा मित्र म्हणाला, "मग चांदीचे तांबे काढू आणि विकू." तो आमच्याकडे नवा होता आणि पहिल्याच दिवशी त्यानं हे केलं, म्हणून माझ्या मनात त्याच्याबद्दल आदर आहे. एवढ्यात तिसऱ्या कुणाला तर याहून वाईट सुचलं: माल विकायचा, पैसे घ्यायचे, मग घरी जाऊन आकृती पुसायची. व्यापाऱ्याच्या हातातला तांबा जागीच नाहीसा. नियमात कुठेही न बसणारं असं यात काही नव्हतं.

मामी कागद बघत होती. मग म्हणाली, "सोनं शेरानं कोण मोजतं रे?"

तिथे सगळं सुटलं. शेराचा ठिपका मी पेट्या आणि शिड्या डोळ्यांसमोर ठेवून लिहिला होता. जुन्या सराफाकडे शेर नसायचा. तिथे गुंज असायची; आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा, म्हणजे तोळ्याला ९६ गुंजा. ज्या वस्तूचा जो बाजार, त्याचं माप, असं धरलं तर सोन्याचा एक ठिपका एक गुंज. भाच्याचे १४४ ठिपके म्हणजे सगळे मिळून दीड तोळा. तो बारा रेघांत वाटला गेला की वाट्याला बारा-बारा गुंजा, दीड मासा. मोहर कसली, पत्रा. मसावि मोठा घेतला की वस्तू वाढतात, पण वजन तेवढंच राहतं आणि तुकडे पडतात. वजनाचा नियम पहिल्या दिवसापासून कागदावर होता. मी फक्त माप चुकीचं लावलं होतं आणि भागाकार कुणीच केला नव्हता. यानंतर बंदी एकही ठेवली नाही.

मग टेबलावर गंमत सुरू झाली, जी मी योजलेली नव्हती. एक तोळ्याची अखंड मोहर हवी तर ९६ ठिपके एकाच रेघेत यायला हवेत. आठ बाय बारा घेतलं तर मसावि चार, चार तुकडे. सहा बाय सोळा: दोन. चार बाय चोवीस: चार. दोन बाय अठ्ठेचाळीस: दोन. अखंड येते ती तीन बाय बत्तीस किंवा एक बाय ९६. म्हणजे मोहर पाडायची तर पडवीभर लांब, हातभर रुंद पट्टा हवा. टाकसाळीची इमारत कशी असेल ते भाच्याच्या मित्रानं लगेच काढलं: लांबलचक, खिडक्या नसलेली, वारा येऊ नये म्हणून. आणि बारा पूर्ण मोहरा एका आकृतीत? बारा बाय ९६, एकूण ११५२ ठिपके. वाळूच्या घड्याळात ते होत नाही. कोण किती करतं बघू म्हणून मामीलाच बसवलं. तीन बाय बत्तीस तिनं वाळू संपायच्या आत पुरं केलं. आमच्यापैकी कुणालाही निम्मंही जमलं नाही.

उरली पुसून फसवण्याची युक्ती. तिच्यावरचा उपायही मामीकडूनच आला. आपली रांगोळी शिरगोळ्याच्या दगडाची भुकटी, ती पडून राहते. कोलम तांदळाच्या पिठीचा. "तो मुंग्यांसाठीच असतो," ती म्हणाली. सकाळी काढायचा, दिवसभरात मुंग्या, चिमण्या आणि येणारे-जाणारे मिळून संपवतात. आता आमच्या जगात रेखाविद्या फक्त तांदळाच्या पिठीनंच चालते. त्यामुळे प्रत्येक वस्तूला आयुष्य आहे, आणि गावातला कुठलाही शहाणा व्यापारी नवी चकचकीत वस्तू घेताना आधी विचारतो, कालची आहे का? एक दिवस टिकलेल्या मालाला भाव जास्त. पिठीत हळद घालून मुंग्यांना लांब ठेवणारे भेसळवाले आमच्या गोष्टीत सध्या पकडले जात आहेत.

एक गोष्ट मात्र अजून टेबलावर पडून आहे. नवव्या बैठकीत मामी पहिल्यांदा खेळायला बसली. पात्र नको म्हणाली, नुसतीच बसली. सहा बाय सहा ठिपके मांडले. नियमानं सहा रेघा, सहा वस्तू, प्रत्येकी सहा ठिपक्यांची. पण तिनं पाच ठिकाणी गाठ घातलीच नाही. दोन वेगळ्या रेघा जिथे एकमेकींवरून जायच्या, तिथे दोन्ही वळवून आपापल्या बाजूला परत पाठवल्या. असं एका जागी केलं की दोन रेघांची एक होते. पाच जागी केलं, सहांची एक झाली. छत्तीस ठिपके, रेघ एक, मसावि सहा असूनही. भाचा बोट ठेवून ती रेघ सुरुवातीपासून मोजत गेला आणि परत सुरुवातीला आला.

"गाठीवर वळायचं नाही असा नियम आहे, मामीआजी."

"गाठ आहे कुठे तिथे?" मामी म्हणाली.

मी नियमांचा कागद उघडला. गाठ कुठे असावीच लागते, याबद्दल त्यात एक अक्षर नाही. पुढची बैठक येत्या रविवारी आहे.